फेरीबोत्तेचा आवाज

बरेच दिवसांत इथे काही लिहिलं नव्हतं. आज लिहायचं कारण एक जुना इटालियन सिनेमा, आणि त्याच्यामुळे निघालेली माझीच एक जुनी गोष्ट.

तर झालं असं. २०२५ च्या सप्टेंबरमध्ये क्लाउदिया कार्दिनाले ही अभिनेत्री गेली. पेपरात बातमी वाचली आणि भाच्याला फोन केला. त्याला असल्या सिनेमांचं वेड. म्हटलं, "अरे, हिचा एखादा हलकाफुलका सिनेमा असेल तर सांग, रडारड नको." तो म्हणाला, "मावशी, तू 'इ सोलिती इन्योती' बघ. त्यात ती अगदी नवी पोरगी आहे. पण खरं सांगू का, तू तिच्यासाठी बघायला बसशील आणि उठशील तिच्या भावाचं नाव घेत."

आणि तसंच झालं.

सिनेमा १९५८ चा. दिग्दर्शक मारिओ मोनिचेल्ली. नावाचा अर्थ साधारण 'नेहमीचेच अज्ञात'. आपल्याकडे पेपरात येतं ना, 'अज्ञात इसमांनी घरफोडी करून पोबारा केला'? तसलंच. तिकडच्या बातम्यांतलं हे ठरलेलं वाक्य सिनेमाचं नाव झालं. रोममधले पाचसहा भुरटे चोर. एकाच्याही खिशात दमडी नाही. त्यांना टीप लागते की एका रिकाम्या घराची भिंत फोडली की पलीकडे गहाणखात्याची तिजोरी आहे. वित्तोरिओ गासमान हा त्यांच्यातला बोलताना अडखळणारा बॉक्सर. मार्चेल्लो मास्त्रोयान्नी हा फोटोग्राफर, पण कॅमेरा गहाण टाकलेला, बायको सिगारेटींच्या चोरट्या धंद्यापायी तुरुंगात, म्हणून तान्हं मूल सांभाळत बसलेला. तिजोरी कशी फोडायची याची शिकवणी घ्यायला हे सगळे तोतोकडे जातात, गच्चीवर. मी तीस वर्षं शिकवलंय, पण इतका गंभीर चेहरा ठेवून शिकवणारा मास्तर पाहिला नाही. :) शेवटी भिंत फोडतात, आणि ती निघते चुकीची! पोचतात ते त्याच घराच्या स्वयंपाकघरात. मग काय करणार बिचारे, तिथली चणे घातलेली पास्त्याची आमटी गरम करून खातात आणि पहाटे घरी जातात.

या टोळीत एक सिसिलीचा माणूस आहे. नाव फेरीबोत्ते. काळे कपडे, चापून बसवलेले केस, बारीक मिशी आणि डोळ्यांत कायमचा संशय. सिसिली बेट आणि इटलीची मुख्य भूमी यांच्यामध्ये मेस्सिनाची चिंचोळी सामुद्रधुनी आहे. ती ओलांडायची ती फेरीबोटीने. त्या 'फेरीबोट'चा सिसिलियन जिभेवर झालेला अपभ्रंश म्हणजे फेरीबोत्ते. याची एक लग्नाची बहीण आहे, कार्मेलिना. तीच आपली क्लाउदिया. घराण्याच्या अब्रूपायी हा तिला घरात कुलूप लावून ठेवतो. स्वतः चोर, पण बहिणीकडे कुणी पाहिलं तर रक्त सांडायची भाषा. आणि हे सगळं चेहऱ्यावरची रेष न हलवता. मी इतकी हसले की चहा गार झाला.

दुसऱ्या दिवशी या माणसाविषयी शोधायला बसले. आणि हसू थांबलं.

नाव तिबेरिओ मुर्जा. म्हणजे गंमत बघा, सिनेमात मास्त्रोयान्नीच्या पात्राचं नाव तिबेरिओ, आणि खरा तिबेरिओ झालाय फेरीबोत्ते. जन्म ५ फेब्रुवारी १९२९. जन्मगाव ओरिस्तानो. आणि ओरिस्तानो सिसिलीत नाही! ते सार्दिनिया बेटावर आहे. नकाशा काढून पाहिलात तर कळेल, ही दोन बेटं म्हणजे शेजारची गावं नव्हेत. मध्ये भलामोठा समुद्र आहे. सार्दिनियाची बोली तर इतकी वेगळी की ती इटालियनची बोली नव्हे, स्वतंत्र भाषाच मानतात. इटलीच्या सरकारनेही १९९९ च्या कायद्याने तिला तशी मान्यता दिली.

मुर्जाचं घर गरीब. मिळेल ते काम करत वाढला, गावात कम्युनिस्ट पक्षाचा पेपर विकला. मग पोटासाठी बेल्जियमला कोळशाच्या खाणीत गेला. तेव्हा तशी हजारो इटालियन माणसं जात होती. दुसऱ्या महायुद्धानंतर १९४६ साली दोन्ही सरकारांनी करार केला होता. इटलीने माणसं द्यायची, बेल्जियमने कोळसा. मी हे वाचलं तेव्हा क्षणभर थांबले. माणसांच्या बदल्यात कोळसा, आणि तेही कागदावर सह्या करून!

तो होता मार्सिनेल या गावी. ८ ऑगस्ट १९५६ ला तिथल्या खाणीत आग लागली. २६२ माणसं मेली. त्यांतली १३६ इटालियन. मुर्जा वाचला. एका बाईच्या नादात त्या दिवशी आजाराचं सोंग करून कामावर गेलोच नाही, असं तो पुढे सांगत असे. तिथून आला रोमला आणि एका रेस्टॉरंटात भांडी विसळू लागला. मोनिचेल्लीच्या माणसांनी त्याला तिथे पाहिलं. त्यांना सिसिलियन भावासाठी चेहरा हवा होता. हा चेहरा मिळाला. अंगावर भिजलेला एप्रन घेऊन उभा असलेला, अभिनयाचा 'अ' ठाऊक नसलेला सव्वीस-अठ्ठावीस वर्षांचा तरुण.

चेहरा मिळाला. पण चेहराच.

कारण सिनेमात फेरीबोत्ते जे बोलतो तो आवाज मुर्जाचा नाही. तो आहे रेनातो कोमिनेत्ती या दुसऱ्या नटाचा. मुर्जाने कॅमेऱ्यापुढे ओठ हलवले, नंतर स्टुडिओत कोमिनेत्तीने त्यांवर सिसिलियन ढंगाचे संवाद चढवले.

इटलीत तेव्हा ही अगदी रीतच होती. शूटिंगच्या वेळचा आवाज बहुधा ठेवतच नसत. गोंगाट चालू, दिग्दर्शक मधेच सूचना देतोय, कुणी काहीही बोलतंय. आवाज नंतर भरायचा. त्यामुळे चेहरा रस्त्यावरून उचलून आणता येई आणि आवाज शिकलेल्या नटाकडून घेता येई. याच सिनेमात कापान्नेल्ले नावाचा एक सुरकुतलेला, कायम खात असलेला म्हातारा चोर आहे. ते काम केलं कार्लो पिसाकाने याने. तो पक्का नापोलीचा, पण त्याच्या तोंडी घातला बोलोन्याचा ढंग. म्हणजे दक्षिणेच्या माणसाला उत्तरेची जीभ! आणि आपली क्लाउदिया? ती जन्मली ट्युनिसला, वाढली फ्रेंच बोलत. घराण्याचं मूळ सिसिलीचं, पण इटालियन तिला तेव्हा धड येत नव्हतं. तिलाही दुसरीच कुणी आवाज देतेय. तिचा स्वतःचा आवाज प्रेक्षकांनी ऐकला तो १९६३ साली, फेलिनीच्या 'साडेआठ'मध्ये.

म्हणजे पडद्यावर भाऊ-बहीण भांडतायत, आणि दोघांच्याही तोंडून तिसरे-चौथेच कुणी बोलतायत. मला तर खाली इंग्रजी पाट्या वाचून कळत होतं. माझ्या कानाला सिसिली काय आणि सार्दिनिया काय. पण ओरिस्तानोच्या थेटरात मुर्जाच्या ओळखीची माणसं बसली असतील तेव्हा त्यांना काय वाटलं असेल?

हा प्रश्न डोक्यात आला आणि तिथेच मला आमचं १९७९ चं स्नेहसंमेलन आठवलं.

मी तेव्हा धुळे जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी मराठी शिकवत होते. नोकरीची पहिलीच काही वर्षं. मीच लिहिलेली बाजीप्रभूंवरची नाटिका बसवत होते. नववीत एक मुलगा होता, शेतमजुराचा. उंच, रुंद खांद्यांचा, डोळे असे की नुसता उभा राहिला तरी खिंड अडवल्यासारखी वाटावी. बाजी तोच, हे पहिल्याच दिवशी ठरलं. पण तो बोलायला लागला की त्याची अहिराणी मधे येई. माझी वाक्यं पुस्तकी, अलंकारिक. ती त्याच्या तोंडी आली की बाकीची पोरं फिसकन हसत. आठवडाभर उच्चार घोटून घेतले. जमेना. मग मला एक 'युक्ती' सुचली. आठवीत एका सरकारी नोकराचा मुलगा होता, नुकताच बदलीवर आलेल्यांचा. किडकिडीत, पण वाणी स्वच्छ. त्याला पडद्यामागे माइक देऊन बसवलं. बाजीने पुढे तलवार चालवायची आणि ओठ हलवायचे, आवाज मागून यायचा.

फार सुंदर झालं हो ते! टाळ्या थांबेनात. मुख्याध्यापकांनी माझं कौतुक केलं. जिल्ह्याच्या स्पर्धेत आमच्या नाटिकेला बक्षीस मिळालं. मी कितीतरी वर्षं नव्या शिक्षिकांना ही युक्ती अभिमानाने सांगत असे.

त्या संध्याकाळची एक गोष्ट मात्र सांगत नसे. कार्यक्रम संपल्यावर त्या मुलाची आई आली होती. लुगड्याचा पदर सारखा करत बाजूला उभी राहिली, गर्दी कमी झाल्यावर जवळ आली आणि म्हणाली, "बाई, मना पोऱ्याना आवाज कोठे गया?"

मी हसून म्हटलं, "अहो, तो दुसऱ्या मुलाचा होता. पण दिसला कसा छान ना तुमचा मुलगा?" ती हो म्हणाली आणि गेली.

असो. मुर्जाकडे परत जाते.

सिनेमा तुफान चालला. ऑस्करच्या परदेशी सिनेमांच्या नामांकनातही गेला. आणि भांडी घासणारा तिबेरिओ मुर्जा एका वर्षात सगळ्या इटलीला ठाऊक झाला, सिसिलियन म्हणून. पुढच्याच वर्षी मोनिचेल्लीच्या 'ला ग्रांदे ग्वेर्रा'त, पहिल्या महायुद्धावरच्या त्या मोठ्या सिनेमात, त्याला काम मिळालं. १९५९ सालीच 'इ सोलिती इन्योती'चा दुसरा भाग निघाला, तो नान्नी लोय याने केला. हा नान्नी लोय कुठला माहीत आहे? सार्दिनियातल्या काल्यारीचा! म्हणजे दिग्दर्शक सार्दिनियाचा, नट सार्दिनियाचा, आणि पडद्यावर पात्र सिसिलीचं. दोघे सेटवर आपल्या भाषेत दोन शब्द बोलले असतील का, असं माझ्या मनात येऊन गेलं.

मग सुरू झाली ती रांगच. शंभराहून जास्त सिनेमे. संशयी नवरा, तापट भाऊ, छोटा गुंड, अब्रूसाठी सुरी काढणारा. पुढेपुढे साठ-सत्तरच्या दशकांतले साधारण, कधी तर अगदीच सवंग विनोदी सिनेमे. काम दहा मिनिटांचं, कधी दोन मिनिटांचं. पण चेहरा दिसला की प्रेक्षक आधीच हसायला तयार. तिकडे पिसाकानेचंही तेच झालं. बिचारा साठी उलटून सत्तरीकडे झुकलेला असताना त्याला यश मिळालं, आणि मग लोक त्याला कापान्नेल्ले म्हणूनच ओळखू लागले.

हे हसणं मात्र नुसतं निरुपद्रवी नव्हतं, हेही लिहायला हवं. इटलीच्या दंडसंहितेत तेव्हा ५८७ क्रमांकाचं कलम होतं. बायको, मुलगी किंवा बहीण 'नको त्या' स्थितीत सापडली आणि रागाच्या भरात अब्रूसाठी तिला मारलं, तर शिक्षा अगदी कमी, तीन ते सात वर्षं. हे कलम रद्द झालं १९८१ साली. म्हणजे फेरीबोत्ते कुलूप लावतो तेव्हा आपण हसतो, पण त्या कुलपामागे देशाचा कायदा उभा होता. मोनिचेल्ली त्या कुलपाची टर उडवत होता, त्याबद्दल त्याला माझा नमस्कार. पण टर उडवताना सगळा दोष एका बेटाच्या माथी बसला, आणि त्या बेटाचा चेहरा म्हणून उभा केला भलत्याच बेटावरचा माणूस. कायदा तर सगळ्या इटलीचा होता!

मी मुर्जाची बाजू घेऊन रागावले होते. भाच्याला फोन करून म्हटलंही, "अरे, काय हा अन्याय! माणसाचं गाव काढून घेतलं, भाषा काढून घेतली, आवाज काढून घेतला."

तो शांतपणे म्हणाला, "मावशी, आणि खाण? ती विसरलीस? नाहीतर तो कुठे असता?"

मी गप्प. खरंच आहे. ज्या माणसाला त्याच्या सरकारने कोळशाच्या भावात विकलं होतं, त्याला मोनिचेल्लीने चेहऱ्यासाठी उचललं आणि त्या चेहऱ्यावर तो पन्नास वर्षं जेवला. त्या सव्वीस-अठ्ठावीसच्या पोराला कुणी विचारलं असतं की बाबा, तुझा आवाज घेणार नाही, चालेल का, तर त्याने हातातली बशी टाकून धावत यायला क्षणही लावला नसता. ओरिस्तानोची बोली बोलणाऱ्याला रोममध्ये भांडी घासायलाच ठेवत होते ना? मग?

पण तरीही. 'मिळालं' आणि 'गेलं' हे दोन्ही खरं असू शकतं. एकाने दुसरं खोडलं जात नाही. भाच्याचं म्हणणं मला पटलं, आणि माझा रागही गेला नाही.

१९८५ साली जुनी टोळी पुन्हा एकदा जमवून तिसरा भाग काढला गेला. गासमान, मास्त्रोयान्नी आणि मुर्जा, तिघेही आता केस पिकलेले. मुर्जा २० ऑगस्ट २०१० ला रोमजवळच्या तोल्फा गावी वारला, एक्क्याऐंशी वर्षांचा होऊन. मोनिचेल्ली त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये गेला, पंचाण्णव वर्षांचा. २०१२ साली मुर्जावर एक माहितीपट निघाला. त्याचं नाव 'लिन्सोलितो इन्योतो'. म्हणजे 'नेहमीचा नसलेला अज्ञात'. मोठ्या सिनेमाच्या नावातला 'नेहमीचा' काढून घेतला आणि 'अज्ञात' तेवढा ठेवला. मला ते नाव फार आवडलं. त्याला शोभेसं.

आता माझ्या बाजीचं राहिलं.

२००३ सालची गोष्ट. कुणाच्या तरी लग्नाला गेले होते आणि परतताना धुळ्याच्या एसटी स्टँडवर गाडीची वाट बघत उभी होते. एक खाकी कपड्यांतला, टक्कल पडायला लागलेला ड्रायव्हर समोर आला, वाकून नमस्कार केला. "बाई, ओळखलं का? मी बाजी."

मी चमकले. तो म्हणाला, गावात अजून सगळे बाजीच म्हणतात, डेपोतही तेच नाव पडलंय, खरं नाव फक्त पगाराच्या कागदावर. हे तो आनंदाने सांगत होता, बरं का. रागाचा लवलेश नाही. मला बाकावर बसवलं, चहा आणला, मुलीच्या कॉलेजचं सांगितलं. पण माझ्याशी बोलताना एकेक शब्द जपून टाकत होता. 'ण' आणि 'न' तपासून. जणू मी अजून हातात छडी घेऊन उभी आहे. चाळिशीचा माणूस, आणि माझ्यासमोर वाक्य पुरं करताना त्याच्या कपाळावर घाम.

तेवढ्यात लांबून त्याच्या कंडक्टरने हाक मारली. हा वळला आणि त्याला अहिराणीत काहीतरी मोठ्याने ओरडून सांगितलं. बहुतेक थट्टेचं असावं, कारण आजूबाजूचे चारपाच जण हसले. खणखणीत, भरदार, सगळ्या स्टँडवर ऐकू जाईल असा आवाज. माइक लागला नसता.

त्याला शिकवून चोवीस वर्षं झाली होती आणि तो आवाज मी पहिल्यांदा ऐकत होते.

गाडी लागली. त्याने माझी बॅग वर चढवून दिली. मला त्याला काहीतरी सांगायचं होतं. त्याच्या आईने काय विचारलं होतं ते सांगायचं होतं, आणि ती कशी आहे हेही विचारायचं होतं. पण मागची माणसं ढकलत होती, आणि मी नुसतं "येते रे" म्हणून चढले.

परवा भाच्याने मुर्जाची एखादी जुनी मुलाखत सापडते का ते शोधून बघतो असं कबूल केलंय. भाषा कळणार नाहीच मला. त्याला म्हटलं, पाट्या नसल्या तरी चालेल.